फास टाकणारे हात गवताच्या राखणीला!

माळावरचं गुडघाभर गवत, त्यात एखादी दबलेली काडी... तुम्हा-आम्हाला त्यात काही दिसायचं नाही. फासेपारध्याला मात्र तित्तर कुठून गेला आणि कुठल्या वाटेनं परतणार, हे तेवढ्यावरून उमगतं. पूर्वी त्या वाटेवर तो फाशांची रांग मांडायचा, तित्तराचा हुबेहूब आवाज काढायचा आणि दबा धरून बसायचा. जमातीला नाव पडलं ते या फाशांवरूनच!

आफ्रिकेतल्या कालाहारी वाळवंटातले बुशमन अशाच विद्येसाठी जगभर गाजले. वाळूतल्या पावलांवरून जनावर ओळखायचं, शहामृगाच्या अंड्याच्या कवचात पाणी साठवायचं, ही त्यांची जगण्याची रीत. आपल्या पारध्यांच्या वाट्याला कौतुक आलं नाही, आला तो शिक्का. इंग्रजांनी १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला. पुढे पारधीही त्यात अडकले. मूल जन्मलं की गुन्हेगार! कोल्हापुरात राजर्षी शाहू महाराजांनी मात्र याच लोकांवर विश्वास टाकून त्यांना पहाऱ्याचं काम दिलं.

१९५२ साली हा कायदा रद्द झाला, पण संशय गेला नाही. गावात चोरी झाली की पोलीस आधी पारध्यांच्या पालावर. त्यातच १९७२ साली वन्यजीव संरक्षण कायदा आला. वन्यप्राणी वाचवणं गरजेचंच होतं, पण ज्यांच्याकडे शेत नाही आणि दुसरा धंदा ठाऊक नाही, त्यांनी खायचं काय? बुशमनांपुढेही हाच पेच आला. बोट्सवाना सरकारनं १९९७ आणि २००२ साली त्यांना मध्य कालाहारीच्या अभयारण्यातून हलवलं. २००६ साली तिथल्या उच्च न्यायालयानं ते बेकायदा ठरवलं.

विदर्भात अकोला-वाशीमकडच्या काही पारधी वस्त्यांनी वेगळीच वाट धरली आहे. त्यांनी शिकार सोडली आणि गवताळ माळ राखायला घेतले. पावसाळ्यात गवतातून उंच उड्या मारत मादीला साद घालणारा तणमोर आज नामशेष होण्याच्या उंबरठ्यावर आहे. त्याचं घरटं कुठं असेल, हे पारध्याइतकं कुणाला कळणार?

माळ राखणाऱ्याची चूलही पेटायला हवी, एवढं मात्र आपण विसरता कामा नये.