अंधारात वाळणारी केळी

जुलैत आंबोलीला काडेपेटीतली काडी पेटत नाही. वर्षाला साडेसात हजार मिलिमीटरच्या घरात पाऊस. दाराशी ठेवलेल्या चपलांनाही बुरशी धरते. अशा गावात खिडकीशी बसून मी वसईची सुकेळी खात होतो.

सुकेळी म्हणजे वाळवलेली राजेळी केळी. मूळ ठिकाण आगाशी, विरारला लागून. इंग्रजी अमदानीतल्या गॅझेटिअरांतही आगाशीच्या ताज्या आणि सुक्या केळ्यांची ख्याती नोंदलेली आहे. विरारहून मुंबईला गाडी सुरू झाली १८६७ साली. पण गाडीने नेलं तरी ताजं केळं दोन-चार दिवसांत काळं पडतं. सुक्या पानात गुंडाळलेलं सुकेळं मात्र महिनोन्महिने टिकतं.

रीत ऐकायला सोपी आहे. पावसाळा सरला की पिकलेली राजेळी सोलायची आणि आठवडाभर मांडवावर उन्हात घालायची. पण रोज संध्याकाळी ती गोळा करून, रचून, पानांनी झाकतात. वाळवायचीत तर झाकायची कशाला?

उन्हाला पोचता येतं फक्त वरच्या थरापर्यंत. तो फार लवकर सुकला तर टणक होतो आणि आतलं पाणी आतच कोंडतं. रात्री झाकून ठेवलं की गाभ्यातला ओलावा हळूहळू कोरड्या थराकडे सरकतो. सकाळी केळं वरून पुन्हा मऊ झालेलं असतं, उन्हाला पुन्हा काम मिळतं. म्हणजे निम्मं वाळवण अंधारातच होतं!

आणि यात साखर कुणी घालत नाही. कच्च्या केळ्यातलं पीठ पिकताना साखर होतं. पाणी उडालं की ती साखर घट्ट होते आणि उरलासुरला ओलावा असा धरून ठेवते की बुरशीला प्यायला थेंब मिळत नाही. 

आंबोलीच्या कड्यांवर चवई असते, रानकेळ. पाऊस संपला की तिची पानं वाळून गळतात आणि ओलावा धरलेला जाड बुंधा तेवढा उरतो. पहिल्या सरींत पुन्हा पानं फुटतात. तिच्या फळात गरापेक्षा काळ्या, टणक बियाच जास्त, त्यामुळे तिची सुकेळी होणं नाही.

साखर मात्र दोन्हीकडून खेळते. तिसऱ्या दिवशी माझा उघडा राहिलेला सुकेळ्यांचा पुडा हवेतलं पाणी पिऊन चिकट झाला. घरमालकीणबाईंनी तो उचलला आणि चुलीच्या वर शिंक्यात टांगला.