गांजाचं व्यसन : निदान आणि कोड

इंडियन हेम्प ड्रग्ज कमिशनच्या १८९३-९४च्या अहवालात अहमदनगर जिल्ह्यातल्या गांजाच्या लागवडीची नोंद आहे. आज त्याच अहिल्यानगरमध्ये विनापरवाना लागवड हा एनडीपीएस कायद्याखाली (१९८५) गुन्हा आहे. डॉक्टरांच्या केसपेपरवर मात्र गुन्हा नव्हे, आजार लिहिला जातो.

जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० या आजारांच्या यादीनुसार व्यसनाच्या निदानासाठी सहापैकी किमान तीन लक्षणं गेल्या वर्षभरात एकत्र दिसावी लागतात : अनावर तलफ, ताबा सुटणं, मात्रा वाढत जाणं, सोडल्यावरचा त्रास, कामाधंद्याकडे व इतर आवडींकडे दुर्लक्ष, अपाय कळूनही ओढत राहणं. ‘गांजा सोडला तर काही होत नाही’ हा कट्ट्यावरचा समज. चिडचिड, झोप उडणं, भूक मरणं हे त्रास होतात. लघवीची तपासणी फक्त सेवन दाखवते, व्यसन नाही. रोज ओढणाऱ्याची तपासणी तर सोडल्यावरही काही आठवडे पॉझिटिव्ह येऊ शकते.

अपायकारक सेवनाचा कोड एफ१२.१, व्यसनाचा एफ१२.२. पुढचा आकडा नीट पाहावा. जागतिक आरोग्य संघटनेच्या यादीत एफ१२.२० म्हणजे सध्या सोडलेला, एफ१२.२४ म्हणजे अजून ओढणारा. अमेरिकी आवृत्तीत मात्र एफ१२.२० म्हणजे गुंतागुंत नसलेलं व्यसन! कोड टाकायचं सॉफ्टवेअर कुठल्या यादीवर चालतं, हे आधी विचारलेलं बरं. आयसीडी-११ मध्ये कोड ६सी४१.२, आणि तीनपैकी दोन लक्षणं पुरतात.

व्यसनमुक्तीसाठी राष्ट्रीय हेल्पलाइन : १४४४६.