मोबाईलचा माळा कसा आवराल?

‘स्टोरेज फुल’ अशी पाटी मोबाईलवर झळकली की तुम्ही सर्वांत आधी काय पुसता? खरं सांगा हं! बहुतेकींचं उत्तर एकच असतं : स्वतःचे फोटो. हळदीकुंकवाचे, माहेरच्या लग्नातले, गच्चीवर घातलेल्या कुरडयांचे. घरात जागा करायची म्हटली की बाई आधी आपलंच सामान आवरते, ही आपली जुनी सवय आता मोबाईलमध्येही उतरली आहे.

आणि एवढं करून जागा होते का? दोन दिवस जातात, की पाटी पुन्हा हजर! कारण जागा अडवून बसलेलं बिऱ्हाड निराळंच असतं. आपण जरा हिशेब करू या. एक फोटो साधारण चार एमबीचा धरला, तर पाचशे फोटो मिळून झाले दोन जीबी. आणि चिरंजीवांचा एखादा मोठा लढाईचा खेळ एकटाच तेवढी जागा सहज खातो. म्हणजे तुम्ही पाचशे आठवणी पुसायच्या आणि त्या जागेत त्याने बंदुका नाचवायच्या! हा व्यवहार काही बरोबर नाही.

मुळात हे खेळ आपल्या फोनमध्ये आले कसे, ते आठवा. मार्च २०२० मध्ये शाळांना कुलूप लागलं आणि अंधेरी-घाटकोपरच्या चाळींत काय, बोरिवली-मुलुंडच्या सोसायट्यांत काय, घरातला एकच फोन सकाळी शाळा झाला आणि दुपारी मैदान झाला. खाली खेळायला जाता येत नव्हतं, तेव्हा आपणच म्हटलं, ‘घे बाबा, पण गोंगाट करू नकोस.’ पुढे मुलं मोठी झाली, कित्येकांना त्यांचे स्वतःचे फोन मिळाले. पण खेळांचं जुनं सामान आईच्या फोनच्या माळ्यावर तसंच राहिलं.

बरं, आज तुमचा फोन म्हणजे नुसता बोलायचा डबा राहिलेला नाही. लोकलचं तिकीट त्यात, भाजीवाल्याचे पैसे त्यात, गॅसचा नंबर त्यात, बँकेचा ओटीपी त्यात. फोन अडला की घर अडतं. एकूण जागेपैकी दहा टक्क्यांहून कमी जागा उरली की फोन कुरकुरायला लागू शकतो, असं गूगलच सांगतं. तेव्हा हा माळा आवरायलाच हवा. मात्र तो हातात केरसुणी घेऊन सरसकट झाडायचा नाही. का, ते पुढे येतंच आहे.

मेलेले खेळ आधी काढा

काही खेळ तर असे आहेत की ते आता चालूच होत नाहीत, तरी जागा अडवून आहेत. पबजी मोबाईल आठवतोय ना? २ सप्टेंबर २०२० रोजी सरकारने एकूण ११८ ॲप्सवर बंदी घातली, त्यात तो होता. आणि ३० ऑक्टोबर २०२० पासून त्याची भारतातली सेवाही थांबली. पुढे जुलै २०२१ मध्ये त्याचा भारतीय अवतार बीजीएमआय आला, तोही जुलै २०२२ मध्ये दुकानातून उठला आणि मे २०२३ मध्ये परतला. फ्री फायरवर फेब्रुवारी २०२२ मध्ये बंदी आली. जुन्या फोनमध्ये या सगळ्यांचे अवशेष असू शकतात. ते काढताना कुणाची हरकत यायचं कारण नाही.

यातली एक गोम मात्र बघून ठेवा. बंदीनंतर हुशार मुलांनी हे खेळ इकडून-तिकडून, मित्रांकडून मिळवले. त्यांच्या ‘एपीके’ आणि ‘झिप’ नावाच्या जाडजूड फाइली ‘डाउनलोड्स’च्या कप्प्यात पडलेल्या असतात. खेळ काढला तरी त्या जात नाहीत. शिवाय ‘बघ, मी कसा जिंकलो’ म्हणून पडद्याचं केलेलं चित्रीकरण असतं, तेही भलतीच जागा खातं. फोनमधलं ‘फाइल्स’ ॲप उघडा, मोठ्या फाइली आधी दिसतील असं लावा, म्हणजे चोर आपोआप सापडतील. पुसल्यावर ‘बिन’ किंवा ‘ट्रॅश’ही रिकामं करा. नाहीतर केर काढला आणि दारामागे लोटला, तसं व्हायचं!

चार बटणं, चार अर्थ

आता जिवंत खेळांकडे वळू. ‘सेटिंग्ज’मध्ये ‘ॲप्स’ उघडा, खेळाच्या नावावर बोट ठेवा आणि ‘स्टोरेज’मध्ये जा. कंपनीपरत्वे नावं थोडीफार बदलतात, पण वाट हीच. तिथे जी बटणं दिसतात त्यांचे अर्थ नीट समजून घ्या, सगळी मेख तिथेच आहे.

‘क्लिअर कॅश’ म्हणजे तात्पुरता पसारा झटकणं. पोळ्या झाल्यावर पोळपाटाखालचं पीठ झटकतो ना, तसं. यात काही जात नाही. पण पुन्हा लाटायला बसलं की पुन्हा पीठ पडणार, हेही खरं.

‘क्लिअर स्टोरेज’ किंवा ‘क्लिअर डेटा’ म्हणजे डबा जागेवर ठेवून आतलं सगळं ओतून देणं. खेळ राहतो, पण तो कोरा होतो.

‘अनइन्स्टॉल’ म्हणजे डब्यासकट सगळं बाहेर.

आणि ‘अर्काइव्ह’ म्हणजे गाठोडं बांधून ठेवणं. २०२३ पासून प्ले स्टोअरने ही सोय दिली आहे. खेळाचा मोठा भाग निघतो, खेळणाऱ्याची स्वतःची माहिती मात्र फोनमध्ये राहते. परत हवा झाला तर तिथून पुढे सुरू. आयफोनवर याचा भाऊ ‘ऑफलोड’ नावाचा आहे. ‘काढावा की ठेवावा’ अशा दुविधेत असलात, तर हे गाठोडंच बरं.

‘गेस्ट’ म्हणजे पाहुणा!

माझ्या ओळखीच्या बोरिवलीच्या एका बाईंनी परीक्षेच्या तोंडावर, जागाही होईल आणि अभ्यासही होईल म्हणून मुलाच्या एका खेळाचा ‘डेटा’ सरळ साफ केला. त्या खेळात त्याने तीन वर्षं खपून एक गाव वसवलं होतं. शेतं, विहिरी, रस्ते, सगळं. एका बोटाने गाव गेलं. मुलगा ओरडला नाही की रडला नाही. पण आठवडाभर आईशी धड बोलला नाही. ‘अहो, नुसता खेळच तर होता!’ असं त्या म्हणत होत्या. आपली विणायला घेतलेली शाल कुणी अर्ध्यावरून उसवली आणि म्हटलं, ‘नुसती लोकरच तर होती,’ तर?

हे टाळता येतं, आणि अगदी सोप्या रीतीने. खेळाची प्रगती दोन ठिकाणी राहू शकते. एक, तुमच्या फोनमध्ये; दोन, खेळणाऱ्याच्या खात्यात, म्हणजे खेळाच्या कंपनीकडे. दुसऱ्या ठिकाणी असेल तर फोनमधून खेळ खुशाल काढा. नव्या फोनवर त्याच खात्याने उघडला की गाव जागेवर असतं. म्हणून आधी खेळ उघडा, त्याचं ‘प्रोफाईल’ पाहा. तिथे ईमेल किंवा खात्याचं नाव असेल तर ते वहीत लिहून ठेवा. पण ‘गेस्ट’ असं लिहिलेलं असेल, तर हात आखडता घ्या. गेस्ट म्हणजे पाहुणा. त्याच्या नावाने कुठे खातं नाही, त्याचं सगळं सामान बहुधा याच फोनमध्ये असतं. आधी खातं जोडायचं, प्रगती तिकडे गेली आहे याची खात्री करायची, मग झाडू मारायचा.

आणि मैत्रिणींनो, हे फक्त मुलांपुरतं नाही बरं का! दुपारच्या चहाबरोबर कॅन्डी क्रशच्या पायऱ्या चढणाऱ्या आपल्यात कमी नाहीत. आपल्या शेजारच्या नवी मुंबईत तयार झालेला लुडो किंग तर २०२० मध्ये घरोघर पोचला. परदेशी असलेल्या लेकीशी रात्री एक डाव टाकणाऱ्या आज्या मी पाहिल्या आहेत. सासूबाईंच्या फोनमधली ‘अडगळ’ काढण्याआधी त्यांनाही विचारा.

खेळ गेला, पैशाची नळी चालूच!

आता सर्वांत महत्त्वाचं. पुष्कळजणींना वाटतं, खेळ काढून टाकला म्हणजे त्याच्याशी संबंध संपला. तसं नाही. खेळासाठी दरमहा वर्गणी लावलेली असेल, तर खेळ काढल्याने ती थांबत नाही! दूधवाल्याला ‘नको’ सांगितल्याशिवाय आपण गावाला गेलो, तर पिशव्या दाराशी येतच राहतात, तसंच हे.

म्हणून प्ले स्टोअर उघडून वरच्या कोपऱ्यातल्या आपल्या चित्रावर बोट ठेवा. ‘पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स’मध्ये चालू वर्गण्या दिसतात; नको ती तिथून रद्द करा. यूपीआय ॲपमध्येही ‘ऑटोपे’ किंवा ‘मँडेट’ या नावाखाली काही चालू आहे का, ते पाहा. तिसरं, प्ले स्टोअरच्या सेटिंग्जमध्ये खरेदीच्या वेळी दर खेपेला ओळख पटवण्याची अट लावून ठेवा. चुकून खरेदी झालीच तर ४८ तासांच्या आत गूगलकडे परतावा मागून पाहा. मिळेलच असं नाही. पण मागायला उशीर करू नका.

घरधन्याच्या फोनमध्ये पैसे लावून खेळायची रमी असेल, तर तेही बघून घ्या. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैशांच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा केला आणि मोठ्या कंपन्यांनी असे डाव बंद केले. खेळाच्या पाकिटात काही शिल्लक पडून असेल, तर आधी ती बँकेत घ्यायला लावा, ॲप मग काढा.

पैशाची गोष्ट मी एवढी ताणून सांगते आहे, त्याला कारण आहे. ऑगस्ट २०२१ मध्ये आपल्या जोगेश्वरीतल्या एका सोळा वर्षांच्या मुलाने मोबाईलच्या खेळापायी आईच्या खात्यातले सुमारे दहा लाख रुपये घालवल्याची बातमी तुम्हीही वाचली असेल. आईवडील रागावले, आणि तो घर सोडून निघून गेला. पोलिसांनी शोध घेतला, तेव्हा तो अंधेरी पूर्वेला महाकाली गुंफांच्या परिसरात सापडला. मुलगा सुखरूप घरी आला, हे नशीबच म्हणायचं. त्या घरच्या माणसांना दोष द्यायला ही गोष्ट सांगितलेली नाही. फोन आईचा, खातं आईचं, पण त्यात काय चाललंय ते तिला ठाऊक नाही, अशी घरं आपल्या आसपास किती आहेत, एवढाच विचार करा. कुणी सांगावं, आपलंही त्यातलंच असेल.

बरोबर बसून आवरा

म्हणून माझं सांगणं एवढंच, की ही सफाई मुलाच्या पाठीमागे करू नका आणि भांडणाच्या भरात तर मुळीच करू नका. रविवारी दुपारी जेवणं झाली की त्याला शेजारी बसवा. ‘यातलं तू काय खेळतोस, काय खेळत नाहीस, ते मला दाखव,’ म्हणा. न खेळलेले आज निघतील, अधूनमधून खेळायचे गाठोड्यात जातील, आवडीचे एक-दोन राहतील. राहतील ते शक्यतो त्याच्या फोनवर, तुमच्या नाही. मुलं बटणं भराभर दाबतात. तुम्ही ‘थांब, हे काय केलंस?’ असं विचारत जा. त्यात कमीपणा नाही. पुढच्या खेपेला तुम्ही एकट्या कराल.

दोन गोष्टी मात्र करू नका. ‘एका बोटात फोन स्वच्छ’ असं सांगणारी सफाईची ॲप्स घेऊ नका. जून २०२० मध्ये सरकारने ज्या ५९ ॲप्सवर बंदी घातली, त्यांत क्लीन मास्टर नावाचं असंच एक ॲप होतं. फोनमध्ये जे आधीच आहे, त्याने ही सगळी कामं होतात. दुसरं म्हणजे एवढ्यासाठी स्टेशनबाहेरच्या दुकानात उघडा फोन सोडून येऊ नका. तुमची बँक त्यात आहे, हे विसरू नका.

सगळं झाल्यावर ‘स्टोरेज’ पुन्हा उघडा आणि किती जागा झाली ते बघा. ती लगेच भरायची घाई नको. दहावा हिस्सा रिकामा राहू द्या. उरलेल्या जागेवर पहिला हक्क कुणाचा, हे विचारायचीही गरज नाही. फोन तुमचा आहे. यंदाच्या कुरडयांचे फोटो बिनदिक्कत काढा.