घरच्याच माणसांचा सिनेमा

जपानात वसंतात चेरी फुलली की घरंच्या घरं डबे बांधून झाडाखाली जाऊन बसतात. आजी, सुना, नातवंडं, थोडी कुरबुर, पुष्कळ हसणं. अशा हसऱ्या घरगुती सिनेमांची तिकडे मोठी आवड. तसं आपल्याकडे काही शोधायचं तर नाशिकच्या बाहेर जायला नको.

धुंडिराज फाळके त्र्यंबकेश्वरचे, जन्म १८७० चा. १९१२ मध्ये त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा ठेवला आणि महिनाभर थोडी थोडी चित्रं घेतली. कोंब इतका हळू वाढतो की आपल्याला ते कळत नाही. पण तीच चित्रं एकामागून एक भराभर दाखवली, तर मिनिटभरात दाण्याचा वेल झालेला दिसतो! ते पाहून पैसा देणाऱ्याचा विश्वास बसला. तरी बायकोचे दागिने गहाण पडलेच.

त्या सरस्वतीबाई. १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' होत असताना सगळ्या मंडळींचा स्वयंपाक त्यांच्याकडे होता. वर फिल्मला भोकं पाडायची, रसायनं कालवायची. तारामतीच्या कामाला बाई मिळेना, तेव्हा साळुंके नावाच्या पुरुषाने लुगडं नेसलं. रोहिदास झाला घरचाच भालचंद्र.

मग फाळके नाशिकला आले. जानेवारी १९१४ मध्ये 'मोहिनी भस्मासुर' आला. त्यात दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमलाबाई, दोघी पडद्यावर! लोक नावं ठेवतील हे ठाऊक असून माय-लेकी उभ्या राहिल्या. त्याच खेळाला जोडून 'पिठाचे पंजे' हा छोटा विनोदी सिनेमाही दाखवला गेला.

आमचा आवडता मात्र १९१९ चा 'कालिया मर्दन'. त्यात कृष्ण झाली आहे फाळक्यांची चिमुकली मंदाकिनी. सुरुवातीलाच ती चेहऱ्यावर नाना भाव आणून दाखवते, मग खोड्या सुरू. सिनेमा मुका आहे, पण खोडकर पोर आणि वैतागलेल्या बाया समजायला बोलणं कशाला लागतं? त्याचा बराच भाग आजही शिल्लक आहे. आम्ही गटात मोबाइलवर पाहिला. सगळ्या हसत असताना एकीने विचारलं, "शूटिंग झाल्यावर लोण्याची मडकी कुणी घासली असतील गं?"

नाशिकला गेलात तर पांडवलेण्यांच्या पायथ्याशी फाळके स्मारक आहे. तिथे आजूबाजूला झाडंही आहेत, डबा बरोबर न्या.