कृष्णाकाठावरून उत्तरध्रुवाकडे

साताऱ्याचा अक्षांश पावणेअठरा अंशांचा आणि सांगलीचा सतरा अंशांच्याही किंचित अलीकडचा. त्यामुळे या मुलखात वर्षातील सर्वांत मोठा दिवस सुमारे सव्वातेरा तासांचा, सर्वांत लहान दिवस अकरा तासांचा, आणि ध्रुवतारा अजिंक्यतारा किल्ल्याच्या माथ्यावरून पाहिला तरी क्षितिजापासून अठरा अंशांच्या आसपासच. जेथे तो तारा थेट डोक्यावर येतो, आणि दिवस व रात्र या शब्दांना आपल्या ओळखीचा अर्थच उरत नाही, त्या प्रदेशाविषयी कृष्णाकाठच्या वाचकाला कुतूहल असावे ते कशासाठी, असा प्रश्न कोणी केला तर त्याचे उत्तर बर्फावरून घसरगाडी हाकणाऱ्या प्रवाशांच्या वृत्तांतांत नव्हे, तर एका राजद्रोहाच्या कैद्याने लिहिलेल्या ग्रंथात शोधावे लागते.

1897 साली बाळ गंगाधर टिळकांना दीड वर्षाची सक्तमजुरीची शिक्षा झाली. तुरुंगात असताना त्यांच्या हाती मॅक्स म्युलर यांनी पाठविलेली ऋग्वेदाची दुसरी आवृत्ती आली, आणि त्यांच्या मुदतपूर्व सुटकेसाठी जो अर्ज विलायतेत गेला त्यावर त्या वृद्ध पंडिताचीही सही होती. 1893 मध्ये ‘ओरायन’ या ग्रंथात टिळकांनी वसंतसंपाताच्या मृगनक्षत्रातील स्थानावरून वेदांचा काळ ठरविण्याचा यत्न केलाच होता. आता तोच धागा मागे ओढीत, 1898 च्या अखेरीस त्यांनी नव्या ग्रंथाचा मसुदा सिद्ध केला आणि तो ‘द आर्क्टिक होम इन द वेदाज्’ या नावाने 1903 च्या मार्चमध्ये पुण्यातून बाहेर पडला. उत्तरेच्या टोकाविषयी महाराष्ट्रातून निघालेला सर्वांत गाजलेला ग्रंथ तो हाच. ज्याने तो प्रदेश कधी पाहिला नाही, अशा मनुष्याने तो लिहिला. परंतु त्यातील आकाशाचे वर्णन इतके चोख आहे की ध्रुवीय खगोल शिकू इच्छिणाऱ्याने आजही त्याची पहिली प्रकरणे अवश्य वाचावीत.

टिळकांची पद्धत वकिलाची होती. आधी त्यांनी ध्रुवबिंदूवरील आकाशाची लक्षणे निश्चित केली, मग ध्रुवाभोवतालच्या प्रदेशाची लक्षणे वेगळी काढली, आणि त्यानंतरच वेदातील साक्षीपुरावा तपासावयास घेतला. ध्रुवबिंदूवर तारे उगवतही नाहीत आणि मावळतही नाहीत, ते क्षितिजाशी समांतर अशी वर्तुळे काढीत फिरत राहतात. चंद्र महिन्यातील साधारण निम्मे दिवस अखंड वर असतो आणि उरलेले दिवस अखंड खाली. सूर्य मार्चच्या संपाताच्या सुमारास एकदा उगवतो तो सप्टेंबरच्या संपातापर्यंत मावळत नाही. इतकेच नव्हे, तर वातावरणामुळे प्रकाशकिरण वाकत असल्याकारणाने तो गणितातील उदयाच्या एक-दोन दिवस आधीच दृष्टीस पडतो. याहून विलक्षण गोष्ट पहाटेची. आपल्याकडे सूर्य क्षितिजाला जवळजवळ काटकोनात छेदून वर येतो, त्यामुळे पहिल्या उजेडापासून सूर्योदयापर्यंत सव्वा तासाहून फारसा अधिक वेळ लागत नाही. ध्रुवावर मात्र सूर्य क्षितिजाखाली अठरा अंशांवर येतो तो जानेवारीच्या शेवटी, आणि प्रत्यक्ष उगवतो तो मार्चच्या विसाव्या तारखेच्या आसपास, म्हणजे उषेचा पहिला धूसर उजेड आणि सूर्यबिंब यांच्यामध्ये सुमारे पन्नास दिवस जातात. आणि तेवढे दिवस तो प्रकाश पूर्वेस स्थिर न राहता दर चोवीस तासांत साऱ्या क्षितिजाची एकेक प्रदक्षिणा करीत अधिकाधिक उजळत जातो. हिवाळ्यापूर्वीची सांजही तितकीच लांबलचक असते. म्हणूनच सहा महिन्यांची रात्र असे आपण म्हणत असलो, तरी गडद काळोख जेमतेम अडीच महिन्यांचाच.

एवढी भूमिका तयार झाल्यावर टिळकांनी वेदवाङ्मयाला प्रश्न विचारले. तैत्तिरीय संहितेत तीस उषा या भगिनी म्हणून का येतात? माणसाचे एक वर्ष म्हणजे देवांचा एक अहोरात्र, असे मनुस्मृती का सांगते? मेरूवर सूर्य प्रदक्षिणा घालतो ही महाभारतातील कल्पना कोठून आली? गवामयन नावाचे यज्ञसत्र दहा महिन्यांत का संपते, आणि प्राचीन रोमनांचे वर्षही दहाच महिन्यांचे का सांगितले जाते? अवेस्तेत दहा महिने हिवाळा व दोन महिने उन्हाळा असलेल्या मूळ भूमीची आठवण का जपली आहे? या सगळ्यांचा एकच उलगडा त्यांनी मांडला, तो असा की आर्यांचे पूर्वज एके काळी ध्रुवाभोवतालच्या, तेव्हा सौम्य हवामान असलेल्या प्रदेशात राहत होते, आणि इसवी सनापूर्वी दहा ते आठ हजार वर्षांच्या दरम्यान हिमयुगाने त्यांचे ते घर मोडले. बोस्टन विद्यापीठाचे अध्यक्ष विल्यम वॉरन यांनी 1885 मध्येच मानवजातीचा स्वर्ग उत्तरध्रुवावर होता असा ग्रंथ लिहिला होता व टिळकांनी त्याचे ऋण मान्य केले. मात्र वॉरन यांच्या भाविक उत्साहापेक्षा टिळकांची काटेकोर मांडणी कितीतरी वरच्या दर्जाची आहे, असे माझे मत आहे.

वेदांतील हा पुरावा ज्याला स्वतः पडताळून पाहावयाचा असेल त्याला सातारा जिल्ह्याबाहेर जाण्याची गरज फार काळ नव्हती. खटाव तालुक्यातील औंध हे पंतप्रतिनिधींचे छोटेसे संस्थान. तेथे 1918 साली श्रीपाद दामोदर सातवळेकर येऊन स्थायिक झाले आणि बाळासाहेब पंतप्रतिनिधींच्या आश्रयाने त्यांनी स्वाध्याय मंडळ उभारले. मुळात ते चित्रकार. परंतु वेदसंहितांची शुद्ध छपाई हे त्यांनी जीवितकार्य मानले, आणि एका संस्थानी गावातून चारी वेदांच्या संहिता सामान्य वाचकाला परवडतील अशा रूपात देशभर जाऊ लागल्या. 1948 साली गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीनंतर त्यांनी औंध सोडले व गुजरातेत पारडीला बिऱ्हाड हलविले.

आता टिळकांच्या सिद्धांताच्या फैसल्याकडे वळू. ज्या काळी टिळक लिहीत होते त्या काळी हिमयुग केव्हा संपले यावर मोठा वाद होता. जेम्स क्रोल या स्कॉटिश विद्वानाच्या गणिताप्रमाणे ते 80,000 वर्षांपूर्वी संपले, तर नायगाराच्या धबधब्याने मागे सरकताना किती खडक झिजविला यावरून हिशेब करणारे अमेरिकन भूगर्भशास्त्रज्ञ ते अवघ्या सात ते दहा हजार वर्षांपूर्वी संपले असे म्हणत. टिळकांनी अमेरिकनांचा पक्ष घेतला, आणि तो निवाडा बरोबर ठरला. 1949 नंतर किरणोत्सारी कार्बनाने व पुढे ग्रीनलंडच्या बर्फातील थरांनी ती सीमा सुमारे 11,700 वर्षांपूर्वीची असल्याचे दाखविले. परंतु त्या सीमेचा अर्थ मात्र उलटा निघाला. तेव्हा उबदार उत्तर गोठली नाही; गोठलेली उत्तर उबदार होऊ लागली. सुमारे 20,000 वर्षांपूर्वी कॅनडा व स्कँडिनेव्हिया यांवर हजारो फूट जाडीचे हिमस्तर होते, आणि उत्तर सैबेरियाचा पुष्कळ भाग बर्फाखाली नसला तरी तेथे मॅमथ चरत अशी कोरडी, कमालीची थंड गवताळ माळराने पसरली होती. ज्या सौम्य वसंतभूमीचा नाश व्हावयाचा, ती त्या काळी तेथे नव्हतीच.

मौज अशी की या हवामानबदलाचे एक कारण टिळकांच्या पूर्वीच्याच ग्रंथात दडलेले होते. पृथ्वीचा अक्ष सुमारे 26,000 वर्षांत एक संथ घेर घेतो, त्यामुळे संपातबिंदू नक्षत्रांतून मागे मागे सरकतो. ‘ओरायन’ची सारी कालगणना यावरच उभी आहे. त्याच परांचन गतीमुळे पृथ्वी सूर्याच्या सर्वांत जवळ कोणत्या ऋतूत येते तेही पालटते. आज ती जानेवारीत जवळ येते. दहा-अकरा हजार वर्षांपूर्वी ती उत्तरेच्या उन्हाळ्यात जवळ येत होती, म्हणून उत्तरेला उन्हाळी ऊन अधिक मिळे. मिलुटिन मिलांकोविच या सर्बियन गणितज्ञाने या चक्रांचा पूर्ण हिशेब मांडला, आणि समुद्रतळाच्या गाळावरून 1976 मध्ये तो पडताळला गेला. त्या अधिक उन्हाने सुमारे नऊ ते सात हजार वर्षांपूर्वी सैबेरियातील अरण्य आर्क्टिक किनाऱ्याच्या नजीक पोचले होते, हे तेथे पुरलेल्या खोडांनी सिद्ध केले आहे.

माणसे तेथे होती काय? होती, आणि टिळकांनी कल्पिले त्याहूनही पुष्कळ आधी. सैबेरियातील याना नदीकाठी 71 अंश उत्तरेस सुमारे 32,000 वर्षांपूर्वीची वस्ती सापडली आहे. 76 अंशांवरील झोखोव बेटावर नऊ हजार वर्षांपूर्वी लोक रेनडियर व पांढरी अस्वले मारून जगत आणि कुत्र्यांच्या घसरगाड्या वापरीत. त्यांच्याकडील ज्वालाकाचेची पाती तर सुमारे 1,500 किलोमीटरांवरून आलेली. दीर्घ रात्र आणि दीर्घ उषा या लोकांनी निःसंशय पाहिली. परंतु त्यांच्यापाशी गाय नव्हती, घोडा नव्हता, जव नव्हते. आणि ज्या सूक्तांत गोधन, अश्व व रथ पदोपदी येतात त्यांच्या कर्त्यांशी त्यांचा सांधा जोडणारा दाखला भूमीतून निघालेला नाही. तीस भगिनींचा अर्थ महिन्याच्या तीस पहाटा असाही सरळ लागतो. तात्पर्य, टिळकांचा ध्रुव खरा, ध्रुवावरील गृह मात्र नाही.

ग्रंथाची खरी उणीव आणखी एक आहे, आणि तिच्याकडे टीकाकारांचे लक्ष क्वचितच गेले: त्यात आकाश आहे, जमीन नाही. वर्षभर गोठलेल्या मातीवर उन्हाळ्यात उगवणारी वीतभर झुडुपे, दगडफूल खरवडून खाणारे रेनडियर, सीलच्या चरबीवर दिवा पेटविणारा इन्युइट, यांचा विचार त्यात येत नाही. त्या भूमीची माहिती मराठी वाचकापर्यंत आणण्याचे काम पुढे सातारा जिल्ह्यातील वाईने केले. आजच्या सांगली जिल्ह्यातील देवराष्ट्रे या गावी जन्मलेले यशवंतराव चव्हाण मुख्यमंत्री असताना 1960 मध्ये साहित्य संस्कृती मंडळ स्थापन झाले. त्याचे अध्यक्षपद तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्याकडे आले व मराठी विश्वकोशाचे दफ्तर वाईतच थाटले गेले. ज्या क्षेत्री शास्त्रीमंडळी न्याय आणि मीमांसा घोकीत, तेथेच एस्किमो, ग्रीनलंड, टंड्रा अशा नोंदींची मुद्रिते तपासली जाऊ लागली, आणि पहिला खंड 1976 साली प्रसिद्ध झाला.

आणि उत्तर आपल्याकडे दर हिवाळ्यात स्वतःहूनही येतेच. सैबेरियाच्या टंड्रात अंडी घालणारे, चिमणीएवढ्या चणीचे चिखलपक्षी महाराष्ट्रातील तलावांच्या काठी थंडीचे महिने काढतात. खटावातील मायणीसारख्या तलावावर दुर्बीण घेऊन बसणाऱ्याने करड्या रंगाच्या त्या क्षुद्र दिसणाऱ्या थव्यांकडे दुर्लक्ष करू नये, कारण मोठ्या व डौलदार पक्ष्यांपेक्षा त्यांचाच प्रवास बहुधा लांबचा असतो.

आज भारताचे ‘हिमाद्री’ नावाचे संशोधनकेंद्र स्वालबार द्वीपसमूहातील न्यू-ऑलेसुंद येथे, जवळजवळ 79 अंश उत्तरेस, 1 जुलै 2008 पासून चालू आहे, आणि त्याचा कारभार गोव्यात वास्को येथील राष्ट्रीय ध्रुवीय व महासागर संशोधन केंद्रातून पाहिला जातो. ऑक्टोबरच्या अखेरीपासून फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत तेथे सूर्य दिसत नाही. डिसेंबर 2023 पासून भारतीय शास्त्रज्ञ त्या काळोखातही राहून काम करू लागले आहेत. टिळकांनी गणिताने रेखाटलेली उषा प्रत्यक्ष पाहण्याची सोय आता आहे. तेथे जाऊन आलेल्यांत जे कोणी मराठी जाणणारे असतील त्यांनी केवळ इंग्रजी प्रबंधांवर समाधान न मानता, त्या भूमीचे जीव, हवा आणि इतिहास सांगणारा एक भरघोस ग्रंथ मराठीत लिहावा, अशी त्यांना विनंती आहे.