अंधारात जागा असलेला माणूस

घरात मराठी आणि लेखणीत हिंदी, असे गजानन माधव मुक्तिबोधांचे आयुष्य होते. १९१७ साली श्योपूरला जन्मलेल्या या कवीचे धाकटे बंधू शरच्चंद्र मुक्तिबोध मराठीतले नावाजलेले कवी. थोरल्यांच्या वाट्याला मात्र ओढगस्तीचा संसार आला, नोकऱ्यांची धरसोड आली, आणि भरीला रात्र रात्र झोपू न देणारी सदसद्विवेकबुद्धी! १९६२ साली त्यांच्या इतिहासाच्या पाठ्यपुस्तकावर मध्य प्रदेश सरकारने बंदी घातली. तो घाव खोल गेला. दोन वर्षांनी पक्षाघाताने त्यांनी अंथरूण धरले, आणि ११ सप्टेंबर १९६४ रोजी दिल्लीत त्यांचा अंत झाला. पहिला कवितासंग्रह त्याच वर्षी निघाला. तो हाती घेणे काही त्यांच्या नशिबी नव्हते.

१९८० साली मणि कौल यांनी त्यांच्या लेखनावरून ‘सतह से उठता आदमी’ हा चित्रपट काढला. त्यात सरळ कथानक शोधू जाल तर फसाल. रमेश, केशव आणि माधव हे तीन मित्र बोलतात, चालतात, गप्प राहतात. मल्याळी नट गोपी यांचा रमेश मुक्तिबोधांचेच शब्द बोलतो, तेही शांतपणे. आक्रोश नाही, अश्रुपात नाही. तरीही एक विचारी मन आतून कसे खचत जाते, ते हळूहळू उमगू लागते.

मन पोखरले जाते ते असेच, निमूटपणे. वाचकहो, दिवे मालवल्यावर असा एखादा जागा माणूस आपल्याही घरात असेल. त्याची विचारपूस करायला कवी मरायची वाट कशाला पाहायची?