ट्रंपेटच्या अल्पपरिचित रचना आणि स्वरलिपीच्या प्रतींची वैधता

भिवपुरी-कर्जत परिसरातील लग्नसराईत बँडमधून ट्रंपेट ऐकू येतो. वरातीतील या वादनासाठी परवाना लागत नाही. भारतीय कॉपीराइट कायद्यानेच विवाहाच्या मिरवणुकीस तशी सूट दिली आहे. मात्र ही सूट वादनापुरती आहे. स्वरलिपीची प्रत काढण्यास ती लागू होत नाही. म्हणून याच परिसरातील एखाद्या वादकास पाश्चात्त्य अभिजात संगीताकडे वळावयाचे झाल्यास वैध प्रत कोठून मिळवावी, हा प्रश्न प्रथम उभा राहतो.

हायडन (१७९६) व हुमेल (१८०३) यांचे ट्रंपेट-कॉन्चेर्टो सर्वत्र मिळतात. नेरुदा, ओस्कार ब्यॉमे, एनेस्कू यांच्या रचनांसाठी मात्र शोध घ्यावा लागतो. आज हा शोध बहुधा आय. एम. एस. एल. पी. या २००६ साली सुरू झालेल्या संगणकीय संग्रहापाशी येऊन थांबतो. तथापि एखादी प्रत उपलब्ध असणे आणि ती वैध असणे या दोन भिन्न गोष्टी होत.

भारतात संगीतकाराच्या निधनानंतर ६० वर्षे हक्क टिकतो व ही गणना निधनानंतरच्या १ जानेवारीपासून होते. १९५७ च्या मूळ कायद्यात ही मुदत ५० वर्षांची होती; १९९२ च्या दुरुस्तीने ती वाढली. एनेस्कूचे निधन १९५५ सालचे. म्हणून त्याची ‘लेजांद’ (१९०६) ही रचना भारतात २०१६ पासून मुक्त आहे. १९३८ मध्ये निधन पावलेल्या ब्यॉमेचा कॉन्चेर्टो (१८९९) त्याहूनही आधी मुक्त झाला. याउलट आरुत्युन्यान (१९२०–२०१२) यांचा १९५० चा कॉन्चेर्टो २०७२ अखेरपर्यंत संरक्षित राहील.

मुदत देशागणिक बदलते, आणि खरी गफलत येथेच होते. हिंडेमिट १९६३ मध्ये निवर्तला. त्याचा ट्रंपेट-सोनाटा (१९३९) भारतात २०२४ पासून मुक्त आहे. जर्मनीत मात्र ७० वर्षांच्या नियमामुळे तो २०३३ अखेरपर्यंत संरक्षित आहे. स्त्राविन्स्कीची (निधन १९७१) दोन ट्रंपेटांसाठीची ‘फॅनफेअर फॉर अ न्यू थिएटर’ (१९६४) ही रचना कॅनडात मुक्त आहे, कारण तेथे २०२२ अखेरपर्यंत ५० वर्षांचीच मुदत होती. भारतात तीच रचना २०३१ अखेरपर्यंत संरक्षित आहे. भिवपुरीत बसून प्रत उतरविणाऱ्यास भारताचा कायदा लागू होतो. संग्रह कोणत्या देशात ठेवला आहे, यावर त्याची सुटका अवलंबून नसते.

दुसरी कसोटी संपादकाची. नेरुदाचा कॉन्चेर्टो अठराव्या शतकातील असून मुळात शिकारी शिंगासाठी लिहिलेला आहे. ती मूळ रचना मुक्त आहे. परंतु आधुनिक संपादकाने वाद्यवृंदाचा भाग पियानोसाठी उतरविला असेल, तर त्या मौलिक रूपांतराला स्वतंत्र हक्क लाभतो. यास्तव मुखपृष्ठावरील संगीतकाराबरोबर आतील संपादकाचे नाव व प्रकाशनवर्षही पाहिले पाहिजे. जुनी मूळ आवृत्ती किंवा हस्तलिखिताची प्रतिमा मिळाल्यास अडचण उरत नाही. पियानोचा भाग वादकाने तिच्यावरून स्वतः तयार करावा.

जे संरक्षित आहे, ते विकतच घ्यावे लागते. १८६५ पासून चालत आलेल्या मुंबईच्या फुर्टाडोजसारख्या दुकानांत अथवा थेट प्रकाशकाकडे मागणी नोंदविता येते. वाद्यवृंदाचे संच मात्र अनेकदा केवळ भाड्यानेच मिळतात. खासगी अभ्यासासाठी कायद्याने रास्त वापराची मुभा ठेवली आहे. परंतु तिच्या आधारे प्रती काढून इतरांना वाटता येत नाहीत.

या विवेचनातून दोन चुका टाळता येतात. एक म्हणजे, संगणकावर मिळाले म्हणून संरक्षित कृतीची प्रत काढणे. तीत संगीतकाराच्या वारसांचा हक्क बुडतो. दुसरी म्हणजे, कायद्याच्या भयाने मुक्त रचनेलाही हात न लावणे. तीत ती रचनाच विस्मरणात जाते. संगीतकाराचे निधनवर्ष व संपादकाचे नाव, एवढे पडताळले तरी बहुतेक प्रसंगी योग्य निर्णय करता येतो.